त्रिचूरपासून सहा तास

वैजंताकाकीनं केरळच्या मधोमध पेन्सिलीनं ठिपका दिला आणि शेजारी लिहिलं, त्रिचूर.

“राजधानी विचारली आहे, काकी,” मी म्हणाले.

“मग तीच लिवलीय की.”

“तिरुवनंतपुरम. पार खाली, टोकाला.”

तिनं खोडरबर घेतला, ठिपका पुसला, रबराचा भुगा फुंकून टाकला आणि मी सांगितलं तिथं नवा ठिपका देऊन नाव लिहिलं. अक्षर सुरेख होतं. मी तिला बिहार, ओडिशा, राजस्थान विचारलं. सगळं बरोबर. दहा मिनिटांनी पुन्हा कोरा नकाशा पुढं ठेवला, तर केरळच्या मधोमध त्रिचूर परत येऊन बसलेलं.

हे २०१३ च्या जूनमधलं. त्या वर्षी माझा एम.एस्सी.चा प्रवेश हुकला होता आणि रसायनशास्त्राची पदवी घेऊन मी गावात बसून होते. काकी गावातल्या अंगणवाडीत मदतनीस होती. दुपारी मुलं घरी गेली की ती खिचडीचं पातेलं घासून पालथं घालायची, पदराला हात पुसायची आणि सतरंजीवर माझ्यासमोर येऊन बसायची.

ती माझ्या धाकट्या काकांची बायको. नववी झाल्यावर लग्न झालं, चौदा वर्षं दक्षिणेत गेली. मग काका वारले आणि ती गावी, आमच्या घरी, परत आली. मूलबाळ नव्हतं. अंगणवाडीच्या सेविकाबाई पुढच्या मार्चमध्ये निवृत्त होणार होत्या. मदतनीस दहावी पास असेल तर ती जागा आधी तिला मिळते, नाहीतर बाहेरून अर्ज मागवतात. सरपंचांच्या घरी बारावी झालेली सून तयार होती. काकीनं सतरा नंबरचा फॉर्म भरून मार्चमध्ये परीक्षा दिली. सगळे विषय सुटले, समाजशास्त्रात बत्तीस पडले. पस्तीस हवे होते. आता एकच संधी उरली होती, ऑक्टोबरच्या परीक्षेची.

मी बोर्डाकडून तिच्या उत्तरपत्रिकेची छायाप्रत मागवली. नकाशाच्या प्रश्नात दक्षिणेकडील चार राज्यांच्या राजधान्या दाखवायच्या होत्या, चार गुण. काकीनं कर्नाटकात दावणगेरे, आंध्रात नेल्लूर, तमिळनाडूत कोईमतूर आणि केरळात त्रिचूर दाखवलं होतं. चारपैकी शून्य. ती तीन गुणांनी नापास झाली होती.

कारण मला लगेच सापडलं, असं मला वाटलं. आमच्या गावात घरटी एक तरी माणूस दक्षिणेत गलाईच्या धंद्यात आहे. सराफांकडचं जुनं सोनं आटवायचं, अ‍ॅसिडमध्ये घालून शुद्ध करायचं आणि परत द्यायचं, हे काम आमची माणसं तिकडच्या गावागावांत पिढ्यान्‌पिढ्या करत आली आहेत. आमच्या आळीत सगळेच शिंदे, त्यामुळं घरं ओळखायची ती दुकानाच्या गावावरून. सेलमवाले, मदुराईवाले. माझे वडील नेल्लूरला, म्हणून आम्ही नेल्लूरवाले. जिथं आपल्या माणसांची दुकानं, ते त्या राज्यातलं मोठं गाव. राजधानी म्हटल्यावर दुसरं काय सुचणार?

सवय आहे, तर सरावानं जाईल, असा माझा हिशेब होता. रोज चार कोरे नकाशे, आणि प्रत्येक उत्तराची वहीत नोंद. पंधरा दिवसांनी वही पाहिली. उत्तरेकडच्या राजधान्यांत काकीची चूक जवळजवळ नव्हतीच. दक्षिणेत मी आत्ताच सांगितलं असेल तर बरोबर, मध्ये दहा मिनिटं गेली की चूक. आणि चूक दर वेळी तीच. दावणगेरेऐवजी कधी हुबळी आली नाही, त्रिचूरऐवजी कधी पालघाट आलं नाही. विसरणारा माणूस वेगवेगळं चुकतो. ही विसरत नव्हती.

आणखी एक गोष्ट मला खटकत होती. मी पट्टी घेऊन तिचे ठिपके छापील नकाशाशी ताडून पाहिले. चारही चुकीची गावं तिनं अगदी बरोबर जागी दाखवली होती. फरक दोन मिलिमीटरच्या आत. एवढ्या नेमकेपणानं मलाही ती दाखवता आली नसती. मी तिला विचारलं की हे तिला कुणी शिकवलं.

“कुणी न्हाई. गाडीत बसून कळतंय की.”

दर वर्षी जत्रेला ती गावी यायची, जत्रा झाली की परत. जाताना सकाळचं ऊन डाव्या खिडकीतून आलं की आपण खाली चाललोय, ते समोरून आलं तर गाडी वळलीय. कुठल्या स्टेशनावर दिवस उगवला आणि कुठल्या स्टेशनावर मावळला, हे तिच्या लक्षात असायचं. मागच्या वर्षी दहावीच्या पुस्तकात नकाशा पाहिला तेव्हा तिनं सगळ्यात आधी ही चार गावं त्यात शोधली. तिनं मनात धरली होती तिथंच ती निघाली.

मी थक्क झाले. मग त्या गावांबद्दल विचारायला लागले. त्रिचूर कसं आहे, तिथलं ते मोठं देऊळ कसं आहे, कोईमतूरला थंडी असते का. काकीनं माझ्याकडं पाहिलं.

“मला काय ठाऊक? मी खोलीत ऱ्हायले. गावात न्हाई.”

पुढच्या बाजूला भट्टी, मागं खोली. चार गावांत चार खोल्या. दावणगेरेच्या खोलीला खिडकी होती, ती बोळात उघडायची. बाकीच्या तीन खोल्यांना तेवढीही नव्हती. भाजी दुकानातला गडी आणायचा. भाषा येत नाही तर बाहेर कशाला जायचं, असं सगळेच म्हणायचे. दुपारी भट्टीवर अ‍ॅसिड चढलं की तांबूस धूर मागच्या खोलीपर्यंत यायचा आणि ती ओला टॉवेल दाराच्या फटीत कोंबायची. तो धूर कशाचा हे मला कॉलेजात शिकवलं होतं. त्यासाठी आमच्या प्रयोगशाळेत वेगळा पंखा होता.

“जयपूरलाही तू कधी गेली नाहीस,” मी म्हणाले. “ते कसं लक्षात राहतं?”

“जयपूरशी माझं काय हाय? पुस्तकानं सांगितलं, मी मान्य केलं. ” तिनं नकाशात दक्षिणेवर हात ठेवला. “हितं मी चौदा वर्षं हुते गं. हितलं तरी मला कुणीतरी सांगायला पाहिजे हुतं.”

तेव्हा मी हे वाक्य वहीत लिहून घेतलं आणि पुढं गेले. मला पद्धत सापडली होती. तिला गाडीतून नकाशा कळतो, तर राजधान्याही गाडीतूनच शिकवायच्या. मी इंटरनेटवरून वेळापत्रकं उतरवून घेतली. दावणगेरेहून बंगळूर, नेल्लूरहून हैदराबाद, कोईमतूरहून चेन्नई. तिच्या खोलीपासून निघायचं, ऊन कुठल्या बाजूला ते धरायचं आणि राजधानीत उतरायचं. पहिल्या तीन राजधान्या दोन दिवसांत पाठ झाल्या. दहा मिनिटांनी विचारलं, दुसऱ्या दिवशी विचारलं, बरोबर. मी खूश होते.

चौथ्या दिवशी केरळ घेतलं.

“ही तर सगळ्यात सोपी आहे,” मी सांगितलं. “त्रिचूरला गाडीत बसायचं, समुद्र उजवीकडं, सरळ खाली. फक्त सहा तास. सकाळी बसलीस तर दुपारच्या जेवणाला तिरुवनंतपुरममध्ये.”

“किती?”

“सहा तास.”

“दिवस न्हवं? तास?”

मी वेळापत्रकाचा कागद तिच्यासमोर सरकवला. सुटण्याची वेळ, पोचण्याची वेळ. तिनं दोन्ही आकड्यांवर बोट ठेवलं, बोटांवर मोजलं, पुन्हा मोजलं. मग उठली, धुऊन ठेवलेलं पातेलं उचललं आणि परत घासायला बसली. मी अर्धा तास थांबले. ती वळली नाही.

तीन दिवस ती अभ्यासाला आली नाही. पहिल्या दिवशी मी घरी गेले तर आईनं सांगितलं की डोकं दुखतंय म्हणून झोपलीय. आई मला दारातच थोपवून हळू आवाजात विचारत होती की मी तिला काय बोलले. मी खरं ते सांगितलं, की गाडीची वेळ सांगितली. आईला त्यातून काही कळलं नाही. मलाही नाही.

चौथ्या दिवशी ती आली. परीक्षेचं सगळं पहिल्यासारखं सुरू झालं, इतिहास झाला, नागरिकशास्त्र झालं. नकाशात बाकी तीन राजधान्या ती देत होती. केरळ कोरं ठेवत होती. त्रिचूरही लिहीत नव्हती. मी म्हणाले की एका गुणासाठी आपण अडून बसायला नको. ती म्हणाली, “बघू.”

गणपतीला गावातली माणसं दक्षिणेतून घरी येतात. अण्णाही आले, म्हणजे माझे वडील. त्यांना काकीचा निकाल फोनवर कळला होता. आल्या आल्या त्यांनी तिची फिरकी घेतली की वैजंतानं सगळी दक्षिण पालथी घातली आणि राजधानीत नापास झाली. काकी पदर सावरून आत गेली. संध्याकाळी मला म्हणाली, “मला कोरे नकाशे दे, स्वप्नाली. दहा-बारा.”

पाचव्या दिवशी सकाळची आरती झाल्यावर ती मारुतीच्या देवळात गेली. दक्षिणेतून आलेले पुरुष तिथं बसून होते. काकी कधी चारचौघांत बोलायची नाही. त्या दिवशी तिनं प्रत्येकाच्या हातात एक नकाशा आणि पेन्सिल दिली. तुम्ही ज्या मुलखात राहता तिथली राजधानी दाखवा, आणि केरळची सगळ्यांनी दाखवा, माझ्या अभ्यासाला पाहिजे, असं तिनं सांगितलं. खूप हसणं झालं. सेलमवाल्या पोपटनानांनी विचारलं की पास झालो तर आम्हालाही अंगणवाडीत घेणार का. पण आव्हान घेतल्यासारखे सगळे नकाशावर वाकले.

अकरा नकाशे जमले. ते मी तपासले. केरळची राजधानी सात जणांनी त्रिचूर दाखवली होती, दोघांनी एर्नाकुळम, एकानं पालघाट. फक्त एकाचं उत्तर बरोबर होतं आणि तो निवृत्त पोस्टमन होता, दक्षिणेत कधी न गेलेला. स्वतःच्या राज्याच्या राजधान्याही निम्म्या चुकल्या होत्या. वीस-वीस, तीस-तीस वर्षं तिकडं काढलेली माणसं ही. मला हसू आवरेना. काकी मात्र एकेक नकाशा सावकाश बघत होती.

“ह्यांनाबी कुणी सांगितलं न्हाई,” ती म्हणाली.

दुपारी जेवणं झाल्यावर अण्णा सोप्यात झोपाळ्यावर बसले होते. काकी बारावा नकाशा घेऊन आली. त्यांच्यासमोर अशी थेट येऊन उभी राहिलेली मी तिला पहिल्यांदाच पाहत होते. आई माजघराच्या दारात थांबली.

“अण्णा, केरळची दाखवा.”

“अजून हाय का तुझी परीक्षा?” अण्णा हसले. “तिरुवनंतपुरम. नाव ठाऊक हाय मला.”

“नाव न्हवं. जागा दाखवा.”

त्यांनी चष्मा लावला. पेन्सिल किनाऱ्यावरून वर-खाली फिरवली आणि त्रिचूरच्या बरंच वर, कर्नाटकाच्या जवळ, एक ठिपका दिला.

“त्रिचूरपासनं किती लांब असंल?”

“लय लांब. दीड-दोन दिवस तरी मोडत असतील.”

“सहा तास,” काकी म्हणाली. “स्वप्नालीनं गाडीचा कागद दाखवला.”

अण्णांनी झोपाळा पायानं थांबवला.

काकी उभ्यानंच बोलत राहिली. आवाज चढला नाही. काकांना शेवटच्या वेळी श्वास पुरत नव्हता तेव्हा त्रिचूरच्या डॉक्टरांनी एका चिठ्ठीवर लिहून दिलं होतं की यांना तिरुवनंतपुरमला छातीच्या मोठ्या दवाखान्यात न्या. चिठ्ठी मल्याळममध्ये आणि इंग्रजीत होती. अण्णा नेल्लूरहून आले होते. दुकानातल्या गड्यानं गावाचं नाव वाचून दाखवलं.

“मी तुम्हाला विचारलं, हे गाव कुठं आलं. तुम्ही म्हणला, लय लांब, तिकडं आपलं कोण न्हाई. गावाकडं नेऊ.”

“तिथं आपलं कोण नव्हतंच, वैजंता.”

“मिरजेला तीस तास लागत्यात, अण्णा. घटप्रभा स्टेशन गेलं आन्...”

मी तेव्हा पंधरा वर्षांची होते. काकांना जीपमधून आणलं, ते मला आठवत होतं. गाडीत वारले, एवढंच आम्हा मुलांना सांगितलं होतं. ती गाडी कुठून कुठं आणि का चालली होती, हे कुणी विचारलं नव्हतं. मी कधी विचारलं नव्हतं.

तिला सहा तास सांगताना मी ‘फक्त’ म्हणाले होते.

अण्णांनी नकाशा जवळ ओढला. त्यांनी चष्मा काढला, पुन्हा लावला.

“मला ठाऊक नव्हतं,” ते म्हणाले.

“मलाबी न्हवतं. म्हणून तर शिकतीय.”

“दाखव मला. कुठं हाय ते.”

काकी झोपाळ्याजवळ खाली बसली. तिनं अण्णांचा ठिपका खोडला. मग त्रिचूरवर बोट ठेवलं आणि त्यांना सांगायला लागली, सकाळी बसायचं, समुद्र उजव्या अंगाला, ऊन डावीकडं, एर्नाकुळम जातं, कोल्लम जातं. मी शिकवलं होतं तसंच, तेच शब्द. टोकाशी आल्यावर तिनं ठिपका दिला आणि पेन्सिल अण्णांच्या हातात दिली. अण्णांनी त्या ठिपक्यापुढं गावाचं नाव लिहिलं. अक्षरं मोठी आली, निम्मं नाव समुद्रात गेलं.

सहा तासांत पोचले असते तर काका वाचले असते का, हे मी पुढं दोन डॉक्टरांना विचारलं. तपासण्यांचे कागद नसताना काही सांगता येत नाही, असं दोघंही म्हणाले. मलाही सांगता येत नाही.

त्या दुपारनंतर काकीनं केरळ कधी कोरं सोडलं नाही. परीक्षेला बारा दिवस उरले होते. ती पहाटे उठून इतिहासाची सनावळी म्हणायची, भाकऱ्या थापताना नद्या म्हणायची. अण्णांनी परतीचं तिकीट पुढं ढकललं. का, ते सांगितलं नाही. रोज दुपारी ते अंगणवाडीच्या पायरीवर येऊन बसत आणि काकी मुलांच्या खिचडीची भांडी घासत असेल तर मला म्हणत, “तू विचार. ती बोलंल. मी ऐकतो.”

पेपर विट्याच्या केंद्रावर होता. अण्णांनीच आम्हाला मोटारसायकलवरून फाट्यापर्यंत सोडलं, तिथून एसटी. काकीनं केंद्राच्या दारात माझ्याकडं पर्स दिली, हॉलतिकीट, पेन, पट्टी आणि दोन पेन्सिली तेवढ्या घेतल्या आणि मागं न बघता आत गेली.

निकाल लागला तेव्हा तिला समाजशास्त्रात एक्कावन्न होते. एप्रिलमध्ये ती सेविका म्हणून रुजू झाली आणि आजही आहे. पण पेपरच्या दिवशी हे काही माहीत नव्हतं. मी दोन तास समोरच्या झेरॉक्सच्या दुकानात उभी होते. पोरं बाहेर पडली, त्यांच्यामागून काकी आली. पोरांच्या घोळक्यात तिची हिरवी साडी लांबून दिसत होती. एका पोराच्या हातातून मी प्रश्नपत्रिका घेऊन आधीच पाहिली होती. नकाशात बंदरं विचारली होती, एक धरण, एक लोहमार्ग. राजधान्या नव्हत्या.

“नकाशा कसा गेला?” मी विचारलं.

“सगळा लिवला.”

“राजधान्या आल्याच नाहीत.”

“न्हाई आल्या.” तिनं माझ्या हातातून पर्स घेतली, पेन्सिली आत ठेवल्या. “पर एक काढली मी.”

“न विचारता? त्याचे गुण नाही मिळत, काकी. उलट तपासणाऱ्याला वाटेल की गोंधळ झालाय.”

“बारीक काढलीय. टोकाला.”

“नावसुद्धा लिहिलंस?”

“लिवलं की,” काकी म्हणाली. “पाच मिनिटं उरली हुती. मला जायचं हुतं तिथं.”